कॅमेऱ्याच्या डाव्या बाजूला

सोमवार, ६ मे १९७४
व्हॅन नाईज

प्रिय लोर्ना,

तुझं मार्चमधलं पत्र मी वाचलं आणि फाडलं. मग कचऱ्याच्या डब्यातून तुकडे गोळा करून चिकटपट्टीने जोडले. तू म्हणशील, हा अजून तसाच, आधी फोडायचं आणि मग जोडत बसायचं. तसाच आहे. दीड महिना उत्तर का दिलं नाही, ते या पत्रात सापडेल असं नाही. बघू.

आधी तुझ्या बाबांची बातमी. त्यांनी काम सोडलं.

तुला वाटेल काम मिळत नाही म्हणून. उलट आहे. बारा मार्चला टीव्हीवर त्यांचा तो भाग लागला आणि तेव्हापासून त्यांचा फोन थांबत नव्हता. अठ्ठावीस वर्षं ज्यांना 'दुसरा दारूवाला', 'टोपीवाला इसम', 'शेरीफचा मदतनीस' असली कामं मिळाली, त्यांना आता लोक ऑरिन हॅकेट म्हणून नावानिशी मागतात. बाजारात बायका थांबवतात. पूर्वीही थांबवायच्या, पण तेव्हा विचारायच्या, "आपण कुठेतरी भेटलोय, तुम्ही आमचे दाताचे डॉक्टर ना?" आणि ते म्हणायचे, "हो, आता दाढ कशी आहे?" तू लाजून दुसऱ्या रांगेत जाऊन उभी राहायचीस. आता बायका म्हणतात, "तुम्हीच ना ते, मुलाचं जाकीट ओळखणारे?" तर हे म्हणतात, "नाही बाई, मी दाताचा डॉक्टर."

परवा मी त्यांच्या घरी असतानाच त्यांनी व्हेराला फोन लावला. व्हेरा म्हणजे कामाचे फोन घेऊन त्यांचे निरोप लिहून ठेवणारी एक्स्चेंजवरची बाई. सव्वीस वर्षं दिवसातून तीनदा बोलतात, एकमेकांना कधी पाहिलेलं नाही. तिचा आवाज मला खोलीच्या या टोकाला ऐकू येत होता.

"ऑरिन, तीन निरोप आहेत. लिहून घे."

"नको. आजपासून माझे निरोप घेऊ नकोस."

"का? गावाला चाललास?"

"नाही. संपलं."

"डोकं फिरलंय का तुझं? सव्वीस वर्षं मी तुला 'आज काही नाही रे' सांगत आले. आता सांगण्यासारखं आलंय, तर माझ्या तोंडावर दार लावतोस?"

"तब्येतीला जप, व्हेरा," म्हणाले आणि ठेवला.

ते नेब्रास्कात थोरल्या भावाकडे जाणार आहेत, कायमचे. घरचा फोन जूनच्या एकवीस तारखेला काढतील. भावाच्या शेतावर फोन नाही. सामान बांधायला मी जातो. नऊ जोड बूट निघाले. मोठ्या नटांना कपडेपट बूट देतो, छोट्यांनी घरून आणायचे. गुराख्याचे, वकिलाचे, पाद्र्याचे, वेटरचे. सगळ्यांना पॉलिश आहे.

तू लिहिलंस, "आईच्या दफनाला त्यांच्या चेहऱ्यावरची रेषसुद्धा हलली नाही. तो चेहरा एका खोट्या मुलासाठी असा फुटू शकतो, हे पाहिलं ते बरं झालं. त्यांना माझी गरज नाही. त्यांच्याकडे कॅमेरा आहे. आणि रडतानासुद्धा डोळे आमच्याकडे नव्हते, बाजूला कुठेतरी."

हे वाक्य मी इतक्या वेळा वाचलंय की चिकटपट्टी पिवळी पडली. यावर मला काही सांगायचं आहे. आज जमत नाही.

तू लिहिलंस, बाबांबद्दल लिहू नकोस. मग कशाबद्दल लिहू? माझ्याबद्दल लिहिलं तर तू वाचत नाहीस.

तुझाच, फक्त तुझाच,
ग्लेन


रविवार, १९ मे

प्रिय लोर्ना,

आज सांगायला बसलोय. मध्येच उठलो तर उठलो.

कॉलेजात खुर्ची भिरकावली तेव्हा तू दुलुथला जाऊन दोन महिने झाले होते. तुला मी लिहिलं होतं की प्राध्यापकाने अपमान केला. त्याने फक्त विचारलं होतं, "मिस्टर पोलासेक, आपण वर्गात आहात का?" नव्हतो. तुझ्याकडे होतो. खुर्ची खिडकीला लागली. मला परत बोलावलं होतं, मी गेलो नाही. तुझ्या बाबांच्या दारात जाऊन उभा राहिलो, कारण त्या दारातून तुला शेवटचं बाहेर पडताना मी पाहिलं होतं.

त्यांनी एक शब्द न विचारता मला काम मिळवून दिलं. पोलीस मालिकेतल्या आमच्या हिरोची उंची, केस, खांदे माझ्यासारखे आहेत. दिवे लावणारे मला त्याच्या जागी उभं करतात, तासभर माझ्यावर उजेड बसवतात. उजेड बसला की तो येतो आणि मी बाजूला होतो. एवढंच काम. नाकाला खाज आली तरी हलायचं नाही.

तुझ्या बाबांची एक सवय तुला माहीत नसेल, तू कधी सेटवर आलीच नाहीस. स्वतःचं चित्रण संपलं तरी ते घरी जात नाहीत. समोरच्या नटाचा चेहरा घ्यायचा असला की कॅमेऱ्याच्या बाजूला उभे राहून स्वतःची वाक्यं पुन्हा म्हणतात, जशीच्या तशी, जीव ओतून, स्वतः चित्रात नसताना. समोरच्याला खरा माणूस दिसावा म्हणून. "रिकाम्या हवेशी कुणाला बोलायला लावू नये," म्हणतात. हिरो लोक थांबत नाहीत. त्यांची गाडी सुरू असते.

आई गेली त्या वेळची गोष्टसुद्धा मला सेटवरच्याच एका म्हाताऱ्याने सांगितली. आदल्या दिवशी तुझे बाबा दारूच्या गुत्त्यात गोळी लागून मेलेले दाखवले होते. दुसऱ्या दिवशी त्याच जमिनीवर त्यांचं प्रेत दिसायला हवं होतं, आणि एकदा चित्रात आलेलं प्रेत बदलता येत नाही. हॉस्पिटलातून निरोप आला तेव्हा त्यांनी विचारलं, जाऊ का. सेटवरचे म्हणाले, दुपारपर्यंत सोडतो. दुपारपर्यंत ते डोळे मिटून पडून राहिले. हॉस्पिटलात पोहोचले तेव्हा तू दारात उभी होतीस. पुढचं तुला माहीत आहे. ते बरोबर वागले असं मी म्हणत नाही.

आता बावीस जानेवारी, मंगळवार. त्यांच्याच गाडीतून आम्ही कामाला निघालो. रोज सकाळी ते विचारायचे, "तिचं काही आलं का रे?" त्या दिवशीही विचारलं. मी काय उत्तर दिलं ते आज लिहीत नाही.

मग म्हणाले, "तिचा नाद सोड, पोरा."

"का?"

"तू माझ्यासारखा आहेस."

"म्हणजे कसा?"

"दुसऱ्याच्या जागेवर उभं राहून दिवस काढणारा. असला एक माणूस तिने घरात पाहिला. दुसरा ती आणणार नाही. कॉलेज पुरं कर, नाहीतर तिला छळणं तरी बंद कर."

माझं डोकं सटकलं. म्हणालो, "तुम्ही मला शिकवणार? बायको मरत होती तेव्हा जमिनीवर लोळत पडणारे तुम्ही?"

त्यांनी उजवीकडे वळायचा दिवा लावला, मागे पाहिलं आणि स्टुडिओच्या फाटकातून आत वळले.

त्या दिवशी त्यांचा तो प्रसंग होता, मुलगा गमावलेल्या बापाचा. अठ्ठावीस वर्षांत पहिल्यांदा कॅमेरा फक्त त्यांच्या चेहऱ्यावर येणार होता. हिरो विचारणार, "हे जाकीट तुमच्या मुलाचं आहे का?" आणि त्यांनी म्हणायचं, "हो. बटण मी लावलं होतं." आधी हिरोचा चेहरा घेतला. सात वेळा घेतला, सातही वेळा तुझे बाबा बाजूला उभे राहून ते वाक्य पहिल्यांदाच म्हटल्यासारखं म्हणाले. मग त्यांची पाळी आली. हिरो त्यांच्या पाठीवर थाप मारून गेला. गाडी सुरू होती.

दिग्दर्शकाने इकडेतिकडे पाहिलं. "ए उंच्या, तू त्याच्याच मापाचा आहेस. इथे ये. कॅमेऱ्याच्या डावीकडे. त्याचं वाक्य तू म्हण, ऑरिन तुझ्याकडे बघेल."

दोनदा मी बरोबर म्हटलं. दोनदा त्यांनी बरोबर उत्तर दिलं. दिग्दर्शक म्हणाला, "छान आहे. पण छानच आहे." तुझे बाबा माझ्याकडे झुकले आणि हळूच म्हणाले, "पुटपुटू नकोस, पोलासेक. हे एक काम तरी पुरं कर."

तिसऱ्या वेळी मी जाकिटाचं विचारलं नाही. दुसरंच काहीतरी म्हणालो. तू पाहिलास तो चेहरा माझ्या त्या बोलण्याने आलेला आहे.

बाहेर जाऊन येतो. आलो तर लिहीन.

आलो, पण लिहिणं होत नाही. असंच पाठवतो.

तुझा,
ग्लेन


शनिवार, १ जून

लोर्ना,

तुझं कार्ड मिळालं. चारच शब्द, "काय म्हणाला होतास तू?" खाली नावसुद्धा नाही.

मी म्हणालो होतो, "लोर्नाचं पत्र आलंय. ती म्हणते, आई गेली त्याच दिवशी तुम्हीही गेलात. ती आता कधीच येणार नाही."

तू असं काही लिहिलं नव्हतंस. मी तिथल्या तिथे बनवलं. हळू म्हणालो, फक्त त्यांना ऐकू जाईल इतकं.

त्यांना वाटलं नसेल का हा नाटक करतोय? नाही वाटलं. मी चेहऱ्यावरून सांगतो, कारण तो मी तीन फुटांवरून पाहिला आणि तू टीव्हीच्या काचेतून. आधी काहीच झालं नाही. मग खालचा ओठ, मग डावा गाल, जसं आतून कुणीतरी एकेक खांब काढत जावं. आणि तशातही ते आपलं वाक्य म्हणाले, "हो. बटण मी लावलं होतं."

चित्रण थांबलं. मग कॅमेऱ्यामागचा माणूस म्हणाला, मला खात्री नाही, चित्र पुसट आलं असेल. दिग्दर्शक म्हणाला, "ऑरिन, एकदा अजून जमेल?"

ते माझ्याजवळ आले. "खरं आहे?"

लोर्ना, तेव्हा मी नाही म्हणू शकलो असतो. एक शब्द. तीस माणसं बघत होती, आणि मला वाटलं, आता खोटं होतं म्हणालो तर हे सगळ्यांसमोर मला मारतील. मार खायला मी घाबरलो. कुणाशीही भांडण काढणारा मी, एका साठीच्या माणसाला घाबरलो.

"हो," म्हणालो.

त्यांनी मान हलवली. घड्याळात पाहिल्यासारखी, नुसती. मग म्हणाले, "तेच म्हण पुन्हा. आवाज जरा चढव. शेवटचा शब्द गिळलास."

आणि मी पुन्हा म्हणालो. चढ्या आवाजात. बारा मार्चला तू पाहिलास तो हा दुसऱ्या वेळचा. माझा आवाज त्यात नाही, तिथे हिरोचा जोडलाय. लोकांनी टाळ्या वाजवल्या. दिव्यांच्या शिडीवरचे लोकसुद्धा. माझ्याशी दिग्दर्शकाने हात मिळवला.

परत येताना लँकरशिमच्या सिग्नलला तुझे बाबा म्हणाले, "चांगली ओळ दिलीस." एवढंच. सिग्नल हिरवा झाला.

तुला ते रडताना पाहून राग आला की एका खोट्या मुलासाठी रडतात. तिथे मुलगा कुणी नव्हताच. तू होतीस.

ग्लेन


रविवार, ९ जून

लोर्ना,

तू काही लिहिलं नाहीस. लिहू नकोस. पण हे वाच, कारण एक राहिलंय, आणि तेच सगळ्यात वाईट आहे.

बावीस जानेवारीच्या सकाळी त्यांनी विचारलं, तिचं काही आलं का. मी नाही म्हणालो. तुझं कार्ड आदल्या दिवशी आलं होतं आणि तेव्हा माझ्या कोटाच्या आतल्या खिशात होतं. सरोवरावरचा पूल असलेलं. "बाबांना विचार, ईस्टरला आले तर चालेल का. मला त्यांना भेटायचं आहे. तू कॉलेजात परत गेला असशील अशी आशा." कार्डात तीन वाक्यं, पैकी दोन त्यांच्याबद्दल. माझ्या वाट्याला कॉलेज. मी वर्षभर तुझ्यासाठी भरकटलो, आणि तू येणार त्यांच्यासाठी. म्हणून दिलं नाही.

नंतर तुला उत्तर पाठवलं, "सांगितलं. ते काही बोलले नाहीत." तू यावर विश्वास ठेवलास कारण ते नेहमीच काही बोलत नाहीत. मी ते जाणून लिहिलं होतं.

त्यांना तुझ्याबद्दल खोटं सांगितलं, तुला त्यांच्याबद्दल. मध्ये मी उभा.

काल दुपारी त्यांच्याकडे गेलो. ते बूट वर्तमानपत्रात गुंडाळत होते. मी उभ्यानेच सगळं सांगितलं, कार्डापासून. ते पाद्र्याच्या बुटाची नाडी बांधत राहिले.

"ईस्टरला?" म्हणाले.

"हो."

"कुठल्या?"

"झाला तो."

बराच वेळ नाडी बांधली. "मी घरीच होतो त्या दिवशी. सणाच्या जेवणाचा हॅम आणला होता. एकट्या माणसाला कशाला लागतो एवढा हॅम? तरी आणला."

"मिस्टर हॅकेट, मारा मला. काहीतरी करा."

"मारलं तर बरं वाटेल. तुला." त्यांनी बूट खोक्यात ठेवला. "बस खाली. उंच माणूस डोक्यावर उभा राहिला की मला सुचत नाही."

मी बसलो.

"पहिलं तू केलंस," ते म्हणाले. "पण दुसरं मी मागितलं. पोटची पोर आपल्याला मेलेला समजते हे कळून अर्धं मिनिट झालं नव्हतं, आणि मी तुला आवाज चढवायला सांगितला. तिची आई गेली तेव्हा मी कामावर होतो. ही गेली तेव्हाही कामावरच होतो. असल्या माणसाने कुठल्या तोंडाने तिला शोधायचं? म्हणून शोधलं नाही."

"म्हणून काम सोडलंत?"

"नाही रे. इतका चांगला नाहीये मी." हसले थोडे. "नंतर दोन ठिकाणी गेलो. सगळ्यांना तोच चेहरा हवा. पहिल्या ठिकाणी तुझं वाक्य मनात म्हटलं आणि चेहरा आला. दुसऱ्या ठिकाणी म्हटलं, तर काही झालं नाही. दोनदा, तीनदा म्हटलं. ती कधीच येणार नाही, ती कधीच येणार नाही. काही नाही, पोरा. वाक्य झिजलं. मुलगी येणार नाही याचं मला काही वाटेना. घरी आलो आणि व्हेराला फोन केला."

मी कार्ड पुढे केलं. त्यांचा चष्मा कुठल्यातरी खोक्यात बांधला गेला होता. "वाच," म्हणाले.

मी वाचलं. पुटपुटलो नाही. त्यांनी मान खिडकीकडे वळवली होती, मला चेहरा दिसला नाही. संपल्यावर विचारलं, "पुन्हा वाचू?"

"नको," ते म्हणाले. "पुन्हा नको."

कार्ड त्यांनी शर्टाच्या खिशात ठेवलं आणि वरचं बटण लावलं.

तुझा पत्ता दिला, तर म्हणाले, "मी लिहायला बसलो की संवाद होतील. तिला ते ओळखू येतात." दारापर्यंत आले. "तिला सांगायचं तर सगळं सांग. दुसऱ्या वेळचंसुद्धा. त्यातलं काही कापू नकोस." म्हणून सांगितलं.

आता ऐक. उन्हाळ्यात मालिकेचे जुने भाग पुन्हा दाखवायला सुरुवात झालीय. मंगळवारी, अठरा तारखेला, तो भाग पुन्हा लागतोय, तुमच्याकडे रात्री नऊला. जाकिटाचा प्रसंग शेवटच्या जाहिरातींच्या जरा आधी आहे. यानंतर तो पुन्हा दिसेल की नाही कुणाला माहीत. बघ. हिरो विचारेल, मुलाचं आहे का. त्याच्याकडे लक्ष देऊ नकोस, तो तेव्हा गाडीत बसून घरी गेला होता. बाबांकडे बघ. त्यांचे डोळे तुझ्याकडे नसतील, तू लिहिलंस तसेच बाजूला असतील, कॅमेऱ्यापासून हातभर डावीकडे. तिथे मी उभा होतो. मी मध्ये आलो नसतो तर तिथे तू असतीस.

फोन एकवीसला, शुक्रवारी दुपारी काढतील. तोपर्यंत नंबर तोच आहे. फोन भिंतीवरच आहे, खाली एक खुर्ची तेवढी न बांधता ठेवली आहे. मी त्या घरी आता जाणार नाही. उचलतील ते स्वतः.

ग्लेन पोलासेक